आनंदीबायचा बिननावाचा टोप

आनंदीबाय गेल्याची बातमी मला ज्या माणसाने आणून दिली, त्याच माणसाने चार वर्षांपूर्वी तिच्या दाराला डांबर फासलं होतं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे माझ्या तोंडून काही वेडंवाकडं निघालं तर वाचणाऱ्याने सांभाळून घ्यावं. मी तांदूळ निवडत बसले होते. आमच्या चाळीतला बाबूराव दारात आला, टोपी काढून छातीशी धरली आणि गळा काढून म्हणाला, "वैनी, गेली हो आपली आनंदीबाय. इस्पितळातून आत्ताच निरोप आला. काय सोन्यासारखी बाई होती!" आपली म्हणाला... मी त्याच्या हातांकडे बघत राहिले. डांबर काही चार वर्षं नखात राहत नाही, पण मला दिसलं. त्या क्षणी मला रडू आलं नाही, खरं तेच सांगते, ओकारी आली. सूप तसंच टाकून मी मोरीत जाऊन उभी राहिले, आणि हा बाहेरून म्हणतो कसा, "वैनी, सावरा स्वतःला."

मला लिहायची सवय नाही. शाळेचं तोंड मी पाहिलं नाही. अक्षरं शिकले ती आमच्या ह्यांच्या वर्तमानपत्रावरून, भाकरी थापता थापता. आधी मथळ्यांची मोठी काळी अक्षरं, मग दोन-तीन वर्षांनी खालची बारीक. त्यामुळे मोठ्या अक्षरात छापलेलं जास्त खरं, असं मला कितीतरी वर्षं वाटायचं. मी अडाणी म्हणून मला वाटायचं म्हणा, पण शिकलेल्यांनाही तसंच वाटतं हे मी पुढे डोळ्यांनी पाहिलं.

आनंदी आणि मी एकाच वर्षी लग्न होऊन लालबागच्या ह्या चाळीत आलो. दोघी तळकोकणातल्या, तिचं गाव खाडीच्या अलीकडे, माझं पलीकडे. तिचा नवरा विठोबा गिरणीत होता, तो लवकर गेला. तेरावं उरकल्याबरोबर दीर आला आणि घरातली तांब्यापितळेची सगळी भांडी "एकट्या बाईला कशाला लागतात" म्हणून गावी घेऊन गेला. मूलबाळ नव्हतं. ती गिरणीत वायंडिंग खात्यात लागली, सुताच्या नळ्या भरायला. सुताने बोटांना चिरा पडायच्या, पण हाताची मागची बाजू कशी कोण जाणे मऊ राहिली होती, आणि त्या मागच्या बाजूला ताप कळायचा. चाळीत कोणाचं पोर तापलं की आधी आनंदीकडे न्यायचे. ती हात उलटा करून कपाळावर ठेवायची, डोळे मिटायची आणि सांगायची, "ह्यो नुसतो रडान तापलो हा," नाहीतर, "ह्येका आत्ताच्या आत्ता डाक्तराकडे ने." डॉक्टरची काचेची नळी एखादे वेळी चुकली असेल, आनंदीचा हात कधी चुकला नाही. हे लक्षात ठेवा, मला पुढे त्याबद्दल बोलायचंय.

मग ते मोर्च्यांचे दिवस आले. मुंबई कोणाची हे आम्हाला कोणी शिकवायला नको होतं. मीही चाललेय, पायाला फोड येईस्तोवर चाललेय, तेव्हा चळवळीवर माझा राग आहे असं कोणी म्हणू नये. बाहेरगावचे सत्याग्रही परळच्या एका पटांगणात उतरले होते आणि त्यांना जेवू घालायची पाळी एकेका चाळीकडे येई. आमच्याकडे आली तेव्हा उसळ-भात द्यायचं ठरलं. नळावर सगळ्या जमल्या असताना मी हुशारी केली. म्हटलं, "बायांनो, भांडी देताना नाव घातलेलीच द्या, नाहीतर परत येणार नाहीत." मागच्या खेपेला माझी एक कळशी गेली ती गेलीच होती. आता आपल्याकडे भांडं घेतलं की आधी त्याच्यावर नाव घालून आणायचं, हे काय मी सांगायला पाहिजे? एका मोरीत पंचवीस घरांची भांडी घासली जातात, तिथे नाव नसेल तर भांडं गेलंच. रस्त्याच्या कडेला नाव घालणारा बसतो, ठकठक करून ठिपक्याठिपक्यांनी काठावर नाव, चाळ, खोली नंबर सगळं उमटवतो. आणि बाई काही स्वतःचं नाव घालत नाही, नवऱ्याचं घालते, सासऱ्याचं घालते. अकरा घरांनी अशी नावाची भांडी दिली. माझ्याकडून सासऱ्यांचं मोठं पितळी पातेलं गेलं, काठावर 'सखाराम गणू धुरी' आणि पुढे आमचा खोली नंबर. आनंदी म्हणाली, "माझ्याकडे नावाचा भांडा खयचा गो, वच्छे? ह्यो घे." आणि तिने तिचा ॲल्युमिनियमचा टोप पुढे केला. मी तोंड वाकडं केलं. म्हटलं, "हा गेला तर माझ्या नावाने ओरडू नको."

दुसऱ्या दिवशी त्या पटांगणात लाठी चालली. सत्याग्रहींना गाड्यांत घातलं आणि भांडीही पोलिसांनी उचलून नेली. आनंदी गिरणीतून सुटल्यावर वाट वाकडी करून तिथे गेली, तर तिचा टोप तेवढा भिंतीकडेला पडलेला. त्याच्यावर काही लिहिलेलंच नाही, तो पोलिसांच्या काय कामाचा? काठाला लाठीचा पोचा आला होता. तिने तो काखेत मारला आणि घरी आणला. नावाची अकरा भांडी अडकली, आणि ज्याला मी तोंड वाकडं केलं होतं तो बिननावाचा टोप परत आला.

त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी, नळाला पाणी आलं तेव्हा पोलीस चाळीत शिरले. इकडेतिकडे विचारणं नाही, चुकून दुसरं दार वाजवणं नाही, सरळ अकरा घरं. माझ्या दारात एक हवालदार उभा राहिला.

"सखाराम गणू धुरी इथेच राहतो ना? कुठाय?"

मी भिंतीकडे हात केला. सासऱ्यांचा फोटो, वर चंदनाचा हार. ते जाऊन तेव्हा नऊ वर्षं झाली होती.

"ते काय तिथे आहेत."

"बाई, मस्करी करू नका. बोलवा त्याला."

"तुम्हीच बोलवा. आम्ही वर्षातून एकदा बोलावतो, तर कावळा येतो."

मागे गॅलरीत बाया फिदीफिदी हसल्या. हवालदाराने एकदा फोटोकडे बघितलं, एकदा हातातल्या कागदाकडे, आणि कान लाल करून म्हणाला, "मग त्याचा मुलगा कोण?" आमचे हे मोरीत दात घासत होते. तोंडातली राखुंडी थुंकायचीही उसंत न देता त्यांना नेलं.

हसू संपायच्या आत मला उमगलं. चाळीतल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक की सखारामबुवा कधीचे गेले. चाळीतलं कोणी फितूर झालं असतं, तर त्याने पोलिसांना मेलेल्या माणसाचं नाव कशाला दिलं असतं? ते नाव जगात एकाच जागी शिल्लक होतं... माझ्या पातेल्याच्या काठावर. पोलिसांनी भांडी वाचली होती. बस, दुसरं काही नाही. आणि नावाचीच भांडी द्या असं सांगणारी मी.

मी धावत आनंदीकडे गेले. ती चूल पेटवत होती. तिला सगळं सांगितलं, म्हटलं, "आत्ता नळावर जाते आणि सगळ्यांना सांगते." तिने फुंकणी खाली ठेवली. आधी हसली, "मेलेल्याक धरूक इले, काय पण पोलीस!" आणि मग गंभीर होऊन म्हणाली, "गप रव. अकरा घरातले बापये आत आसत. आज तू तोंड उघडलंस तर लोक तुका जगाक देवचे नायत. बापये सुटान येवंदेत, मगे सांग." मी गप राहिले. गप राहणं मला फार चांगलं जमलं. ह्यांचा डबा घेऊन चौकीवर जायला माझे पाय उचलेनात, तर तीच गेली, रोज, गिरणीत जायच्या आधी, हे सुटून येईपर्यंत.

पुरुष सुटून आले आणि चाळ विचार करायला लागली. पोलिसांना नावं दिली कोणी? आनंदीच्या दारात पोलीस आले नाहीत. आनंदीचाच टोप तेवढा परत आला. आणि आनंदीला चौकीच्या पायऱ्या चढताना दहा जणांनी बघितलं होतं. आता सांगते कोणाला, ह्या तिन्ही गोष्टींचं उत्तर माझ्या घरात होतं.

गिरणगावात एक साप्ताहिक निघायचं, अजून निघतं. नाव घेऊन मी तोंड विटाळत नाही. त्यात आलं. 'घरभेदी' असा मथळा, मोठ्या काळ्या अक्षरात. खाली आमच्या चाळीचं नाव, आणि वायंडिंग खात्यातली एक विधवा, आ. प., हिने घराघरातली नावं पोलिसांना पुरवली. पोलिसांचं आणि तिचं काय देणंघेणं आहे ते तिचं तिलाच माहीत, असं. त्या शेवटच्या वाक्याला जो वास होता तो मी समजावून सांगत नाही, बायकांना तो कळतो. आमच्या चाळीत आ. प. म्हटल्यावर दुसरं कोण? ज्यांना वाचता येत होतं त्यांनी ज्यांना येत नव्हतं त्यांना गॅलरीत उभं राहून वाचून दाखवलं. मोठ्या अक्षरात होतं ना.

त्यानंतर जे सुरू झालं त्याची आठवण झाली तरी शिसारी येते. पाण्याच्या रांगेत तिची बादली पायाने मागे सारायचे. गणपतीत तिने आणलेला नारळ फोडला, आणि तिचा खोबऱ्याचा प्रसाद मी दुसऱ्या दिवशी गटारात पाहिला. बाबूराव, तोही त्या अकरांतला, त्याने भर दुपारी, ती गिरणीत असताना, दाराला डांबर फासलं आणि ब्रश खिडकीत ठेवून गेला. आणि तापलेली पोरं तिच्याकडे न्यायची बंद झाली. एकदा शेजारीण पोर खांद्यावर घेऊन चालली होती, पोर नुसतं फणफणलेलं. आनंदी दारात हात पुढे करून उभी राहिली. शेजारीण पदर सावरून पुढे गेली. तो पुढे केलेला हात आनंदीने किती वेळ तसाच धरला होता...

आणि मी? मी बोलायची तिच्याशी. घरात बोलायची. गॅलरीत नाही.

ती त्या साप्ताहिकाच्या संपादकाच्या कचेरीत गेली. मी बरोबर गेले आणि जिन्याखाली थांबले, म्हणजे माझं धैर्य कुठपर्यंत चढत होतं ते समजा. वर काय झालं ते तिने मला सांगितलं. तो पान चघळत बसला होता. म्हणाला, "बाई, आम्ही तुमचं नाव छापलंय का कुठे? दाखवा बघू."

"पुरा छापलं असतंस तर बरा होता," आनंदी म्हणाली. "अर्धा छापलंस, म्हणान उरलेला अर्धा लोक माझ्या तोंडार येवन पुरा करतत."

"एवढी मोठी चळवळ चाललीय बाई. त्यात चार ओरखडे उठायचेच."

"तुझ्या गालार उठलो काय एक तरी?"

तो हसला आणि पिकदाणीत थुंकला. हे सांगताना आनंदीने स्वतःचं तोंड दोनदा पदराने पुसलं, जसं काही ते तिच्यावर उडालं होतं.

तिने दावा लावला. ठाकूरद्वारच्या एका वाडीत ओगले वकील राहायचे, तरुण, शुद्ध बोलणारे, पण माणूस सरळ. त्यांनी विचारलं, भरपाई किती मागायची? ती म्हणाली, "माका पैशे नको. माका कागद होयो. आनंदीन कायएक केल्यान नाय, असो शिक्को मारलेलो कागद. त्यो मी नळावर चिकटवतलंय." ओगल्यांनी समजावलं की असा दावा भरपाई मागितल्याशिवाय उभाच राहत नाही. "मग लिवा तुमका होया ता," म्हणाली, "पण कागद इसरू नका."

चार वर्षं. तारीख असेल तेव्हा ती अर्ध्या दिवसाची रजा टाकायची, उशाखाली घडी घालून ठेवलेलं लुगडं नेसायची आणि फोर्टातल्या कोर्टात जाऊन बाकावर बसायची. कधी संपादक चळवळीत तुरुंगात, कधी निवडणूक, कधी त्याच्या वकिलाकडे लग्न, कधी पोलिसांकडून कागदच आले नाहीत. प्रत्येक तारखेला ती तो टोप पिशवीत घालून न्यायची. मी एकदा विचारलं, "अगो, कोर्टात टोप कशाला?" तर माझ्याकडे न बघता म्हणाली, "माझ्याबरोबर येणारो साक्षीदार एवढोच हा." मला लागलं. लागावं म्हणूनच बोलली होती.

अखेर तिची साक्ष झाली. समोरच्या वकिलाने चौकीवर का गेलात म्हणून तिला उभं-आडवं घेतलं. डबा द्यायला गेले, म्हणाली. कोणाचा? शेजारणीच्या नवऱ्याचा. मग ती शेजारीण कुठे आहे? ओगले म्हणाले, आणतो. मी शेवटची साक्षीदार. मेच्या सुट्टीआधीची तारीख पडली. माझी साक्ष व्हायची, आणि त्याच दिवशी दोन्ही वकिलांनी आपापलं म्हणणं मांडून सुनावणी पुरी करायची, असं ठरलं. आदल्या संध्याकाळी आनंदी माझ्याकडे आली. म्हणाली, "वच्छे, तू एवढाच सांग. डबो तुझो होतो, आणि पोलीस तुझ्या मेलेल्या सासऱ्याक धरूक इले. भांडी नावाची देवा असा कोणी सांगला, ता सांगा नको. ता मी आजून कोणाक सांगूक नाय." चार वर्षं नळावर थुंकी झेलून तिने ते कोणाला सांगितलं नव्हतं. माझ्याकडे तिने दोन वाक्यं मागितली.

मी विचार केला, समोरचा वकील काय दोन वाक्यांवर सोडणार आहे? विचारेल, नावाची भांडी कोणी द्यायला लावली? आणि मग डांबराचा डबा माझ्या दाराशी येईल. सकाळी मी गोधडी डोक्यावरून घेऊन पडले. ह्यांना म्हटलं, अंग मोडून आलंय, ताप आहे.

ती आली. लुगडं नेसलेली, हातात पिशवी. माझ्याजवळ बसली आणि हात उलटा करून माझ्या कपाळावर ठेवला, डोळे मिटले. माझं कपाळ घामाने थंडगार होतं. किती वेळ तिने तो हात तसाच ठेवला... मग म्हणाली, "ताप बरोच आसा गो तुका. पडान रव." पिशवीतून टोप काढला, माझ्या चुलीवर त्यात पेज केली, मीठ घातलं, वाटीत निवत ठेवली. आणि कोर्टाला उशीर होतो म्हणून निघून गेली. एकटी. त्या दिवशी तिच्याबरोबर टोपसुद्धा नव्हता.

तारीख सुट्टीनंतरची पडली. सुट्टीत महाराष्ट्र झाला. लालबागला घरोघर कंदील लागले, भर उन्हाळ्यात दिवाळी. रस्त्याच्या तोंडाशी मंडप घातला होता आणि त्यात फेटा बांधून, गळ्यात हार घालून कोण बसलं होतं? तोच. पान चघळत. बाबूराव पेढे वाटत फिरला आणि आनंदीचं दार टाळून पुढच्या दाराशी गेला. मी दोन घेतले, एक तिला नेऊन दिला. ती गॅलरीत कठड्याला धरून उभी होती, खोकल्याने वाकलेली, आणि दिवे बघत होती. "झालो एकदाचो," म्हणाली. मनापासून म्हणाली हो. ज्या चळवळीच्या नावाने तिच्या तोंडाला काळं लावलं, तिच्या विजयाचा पेढा तिने कपाळाला लावून खाल्ला.

मग खोकला वाढला, परळच्या इस्पितळात ठेवलं. मी शेवटची भेटले तेव्हा तारखेला आठ-दहा दिवस होते. म्हटलं, "ह्या खेपेक मी येतंय. नक्की येतंय." ती हसली. दम लागत होता तरी थट्टा सोडवेना. "ये," म्हणाली. "फकत ताप येवक देव नको."

ती तारखेच्या आधी गेली. चाळीत शोकसभा झाली, मंडपाचंच कापड उरलं होतं ते लावलं. फोटोला हार. बाबूराव बोलायला उभा राहिला, "चळवळीची मूक सैनिक" म्हणाला. मूक! संपादकाकडून चिठ्ठी आली होती, तीही वाचली, 'मतभेद असले तरी एका कष्टकरी भगिनीला' वगैरे. सगळ्यांनी दोन मिनिटं उभं राहून माना खाली घातल्या. मी त्या माना बघत होते. एवढ्या सगळ्या माना, आणि एकीलाही लाज म्हणून खाली जायचं सुचलं नव्हतं, आता रीत म्हणून गेल्या. त्यात माझीही होती.

मी ठाकूरद्वारला ओगल्यांकडे गेले. म्हटलं, "साहेब, दावा मी चालवते. काय सही-अंगठा लागेल तो घ्या."

ओगल्यांनी चष्मा काढला. "दावा संपला, बाई. त्यांच्याबरोबरच."

"का? मी शेजारीण म्हणून? तिच्या दिराला गावाहून आणू?"

"सख्खी मुलगी असती तरी चालवता आला नसता. बदनामीचा दावा वारसाकडे जात नाही. ज्याची बदनामी झाली तो माणूस गेला की दावाही जातो."

"आणि खोलीचा दावा असता तर? जमिनीचा?"

"तो चालला असता."

म्हणजे बघा. चार भिंती माणसामागे राहतात, नाव राहत नाही. माझे सासरे जाऊन नऊ वर्षं झालेली, तर त्यांच्या नावाने पोलीस आमच्या दारात येऊ शकतात. आणि आनंदीला जाऊन पंधरा दिवस नाही झाले, तर तिच्या नावाने कोर्टाचं दार उघडत नाही. मी हे ओगल्यांना बोलूनही दाखवलं. ते कागद चाळत म्हणाले, "एकच गोष्ट वाईट वाटते. सुनावणी पुरी होऊन नुसता निकाल वाचायचा राहिला असता, तर त्या गेल्यानंतरही निकाल देता आला असता. कायद्यात तशी सोय आहे. त्यांना नाही, पण नळावर लावायला तुम्हाला तो कागद मिळाला असता."

"मग काय राहिलं होतं?"

"एक साक्ष," ते म्हणाले. आणि मग, टोमणा म्हणून नाही, साधेपणाने, "तुम्हाला नेमका त्याच दिवशी ताप आला."

मी जिना कसा उतरले ते आठवत नाही. बाबूरावची मला किळस येते, त्या पान थुंकणाऱ्याची येते, पण ती पाण्याने खळखळून टाकता येते. स्वतःची आलेली कुठे थुंकायची?

हे मी कदाचित पोटातच ठेवलं असतं. मला ती सवय आहे. पण गेल्या आठवड्यात त्या साप्ताहिकात पुन्हा आलं, मोठ्या अक्षरात, की आमच्यावरचा खोटा दावा निकाली निघाला. निकाल लागलाच नाही, आणि छापणाऱ्यांनी दावा निकाली काढला. नळावर पुन्हा कुजबुज, "बघा, कोर्टानेच सांगितलं." तेव्हा मी पाटीवर दोन दिवस गिरवून मग हे कागदावर घेतलं, आणि तुम्ही हे वाचताय त्या पुरवणीच्या संपादकांना निरोप दिला की कितीही बारीक अक्षरात छापा, पण नावं अर्धी करू नका.

परवा मी टोप घेऊन नाव घालणाऱ्याकडे गेले होते. टोप त्या पेजेच्या दिवसापासून माझ्याकडेच आहे. म्हाताऱ्याने तो उजेडात धरला, नखाने वाजवला आणि म्हणाला, "मावशी, ह्याच्यावर नाव नाही बसायचं. घासून घासून पापुद्रा झालाय नुसता. पहिल्याच ठोक्याला भोक पडेल. नवीन घ्या, त्याच्यावर घालून देतो."

नवीन नको म्हटलं. म्हणून नाव इथे घालते. आनंदी विठोबा परुळेकर, लालबाग, दुसरा मजला, खोली अठरा. तिने कोणाचंही नाव पोलिसांना दिलं नाही. ती चौकीवर गेली ती माझ्या नवऱ्याचा डबा घेऊन. नावं पोलिसांनी भांड्यांवर वाचली, म्हणून ते माझ्या मेलेल्या सासऱ्याला पकडायला आले. आणि नावाची भांडी द्या असं सांगणारी मी, वत्सला धुरी, त्याच मजल्यावर, खोली वीस. समोरच्या वकिलाला आणखी काही विचारायचं असेल तर मी घरीच असते. बाबूरावकडे डांबर उरलं असेल तर त्याला जिनाही चढायला नको, तो समोरच राहतो.

टोप फळीवर असतो. सकाळी मी त्यात पेज लावते. पोच्यामुळे झाकण एका बाजूने उचललेलं राहतं, तिथून वाफ येते. पेज शिजेपर्यंत चुलीपुढे बसल्या बसल्या मी कधी हात उलटा करून कपाळाला लावून बघते.

ताप नसतो.